अहोरात्र-मूत्रसंग्रह-विधी

सातारा,
रविवार, ६ ऑक्टोबर १९९६

प्रिय आण्णा,

सप्रेम जयभीम, आणि माझ्याकडचा नमस्कार. दोन्हींपैकी जो आधी हाती लागेल तो बाळाबाईंना द्या, उरेल तो तुम्ही ठेवा.

तुमच्या पत्राला उत्तर द्यायला आठ दिवस लागले. कारण सहामाही परीक्षा. नववीच्या शहाऐंशी मुलामुलींच्या संस्कृतच्या उत्तरपत्रिका माझ्या पलंगावर झोपतात आणि मी खुर्चीवर. माझी प्रकृती तशी उत्तम. म्हणजे वाईटच आहे, पण तिला आता माझी सवय झाली आहे.

परवा एस.टी. स्टँडवर एका माणसाच्या हातात काकवीचा कॅन दिसला आणि तुम्ही आठवलात. तीन वर्षं झाली, नाही का? सांगलीच्या त्या तपासणी केंद्राच्या बाकावर आपण दोघं अनोळखी माणसं, मांडीशी पाच-पाच लिटरचे पांढरे कॅन घेऊन बसलो होतो. दोघांच्याही मूत्रपिंडांना गळती लागलेली; रक्तातलं प्रथिन लघवीवाटे चाललेलं; आणि रोज किती जातं ते कळायला चोवीस तासांची सगळी लघवी साठवून आणायची. मी माझा कॅन साताऱ्याहून गाडीत मांडीवर घेऊन आलो होतो. कंडक्टरने विचारलं, ‘काकवी का मास्तर? नवी का जुनी?’ मी खरं तेच सांगितलं, ‘कालची.’ बाकावर मी हे सांगितल्यावर तुम्ही इतके हसलात की आतून कंपाउंडर बाहेर आला. मग म्हणालात, ‘मास्तर, दोनी कॅन शेजारी ठिवा आन् कुठला बामनाचा, कुठला आमचा ते वळखून दावा.’ चिठ्ठ्या नसत्या तर मला खरंच ओळखता आलं नसतं. मैत्री व्हायला एवढं पुरेसं होतं.

बातमी एकच. इथे स्वप्ना नावाची माझी एक जुनी विद्यार्थिनी मूत्रपिंडाची डॉक्टर होऊन आली आहे. शालान्त परीक्षेत संस्कृतला शंभरपैकी अठ्ठ्याण्णव. कापलेले दोन गुण मला तेव्हाच अन्याय वाटले होते. परवा तिच्याकडे गेलो. तिने कॅन मागितलाच नाही. बोटभर उंचीची बाटली दिली. ‘सर, एवढ्यात भरा. कधीचीही चालेल, सकाळची असेल तर बरं.’ म्हटलं, अगं, आम्ही इतकी वर्षं घागरी वाहिल्या आणि तू आचमनावर आलीस? ती हसली. त्या बाटलीतून तिने दोन गोष्टी मोजल्या आणि एकीला दुसरीने भागलं. भागाकार काय आला ते भेटीत सांगेन. तो विषय लांबणारा आहे.

तुम्ही लिहिलंत की बूट घट्ट होतोय, नवा घ्यावा लागणार. बूट लगेच घेऊ नका. आधी नडगीवर अंगठा दाबून दहा आकडे मोजा. अंगठा उचलल्यावर खड्डा राहतो का? सहज विचारतो. चेहऱ्याला, सकाळी डोळ्यांखाली सूज काही? बाळाबाई खरं सांगतील, त्यांना विचारा.

पुढच्या रविवारी तुमचा कॅन आणि सोमवारी डॉक्टर, असं लिहिलंत. आकडा दोन ग्रॅमच्या खाली आला की डॉक्टर गोळ्या पूर्ण बंद करणार आणि दसऱ्याला तुम्ही गोळ्यांच्या डबीशिवाय नागपूरला जाणार. धर्मांतराला चाळीस वर्षं होताहेत, तुमचं तिथे असणं मला समजतं. फक्त घाई करू नका. म्हणजे करा, पण सोमवारच्या आधी माझं पत्र येईल, त्याची वाट पाहा.

तो माझा विधीचा कागद अजून तपासणी केंद्राच्या भिंतीवर आहे का हो?

बाकी क्षेम.

तुमचा
गोपाळकृष्ण

ता. क. एक राहिलं. तुमची हळदीच्या गोदामावर रात्रपाळी असते. त्या वेळी कॅन कुठे ठेवता? उलट टपाली कळवा.


सातारा,
गुरुवार, १० ऑक्टोबर १९९६

प्रिय आण्णा,

तुमचं कार्ड आज दुपारी मिळालं. फाटकातच उभा राहून वाचलं. तुमची वाक्यं जशीच्या तशी उतरवतो, म्हणजे मी काय वाचलं ते तुम्हाला कळेल.

‘कॅन घरीच. गेटवर कुठं ठिवणार, मालक इचारंल ह्ये काय. रात्री आठला घरनं निघताना कॅनात करून जातो. मग गेट सोडत न्हाई, दाबून धरतो. सकाळी सातला घरी आल्यावर कागदात लिवल्यापरमानं पैली टाकून देतो. सुट्टीच्या दिवशी कवा कॅन लावला न्हाई, कागदात नित्याचा दिनक्रम म्हटलंय. तुमच्या कागदाबाहेर एक थेंब न्हाई मास्तर.’

आण्णा, तो कागद चुकला आहे.

आता विनोद पुरे. सगळं क्रमाने सांगतो.

दोन वर्षांपूर्वी सांगलीच्या डॉक्टरांनी मला एक इंग्रजी कागद दिला आणि म्हणाले, ‘मास्तर, लोक चुकीचं गोळा करून आणतात, सोप्या मराठीत लिहून द्या.’ मी घरी येऊन लिहिला. सोपं लिहायला सांगितलं होतं म्हणून मथळा दिला ‘अहोरात्र-मूत्रसंग्रह-विधी’. डॉक्टर हसले, त्यांनी तो न वाचता छापायला टाकला. माझ्या भाषेवर त्यांचा विश्वास. तुम्ही मात्र वाचलात. घडी करून खिशात घातलात आणि म्हणालात, ‘लेखी आर्डर असली की बरं असतंय.’

त्यात मी लिहिलं होतं : पहिल्या दिवशी सूर्योदयाला उठल्यावरची पहिली लघवी टाकून द्यावी. तिथून पुढची सर्व कॅनमध्ये घ्यावी. दुसऱ्या दिवशी सूर्योदयाला नवा दिवस सुरू होतो, म्हणून त्या सकाळची पहिलीही टाकून द्यावी.

शेवटचं वाक्य चूक आहे. दुसऱ्या सकाळची पहिली कॅनमध्ये हवी. ती रात्रभर साठलेली असते, ती त्याच चोवीस तासांतली आहे. नजरचूक झाली माझी.

मी रात्री दहाला जाऊन झोपतो तो सकाळी सहालाच उठतो, त्यामुळे माझं एक तृतीयांश गेलं. तुमचं मात्र रात्री आठपासून सकाळी सातपर्यंत सगळं आत, आणि ते सगळं एकदम मोरीत. आण्णा, तुमच्या कॅनमध्ये निम्मा दिवसच पोहोचत होता. इस्पितळात होतात तेव्हा नर्सने गोळा केलं आणि साडेचार ग्रॅम निघालं. घरी आलात, माझा कागद घेतलात आणि आकडा उतरू लागला. तीन, अडीच. आपल्याला वाटलं गोळ्या लागू पडल्या. डॉक्टरांनी त्या कमी करत आणल्या. मी तर माझ्या आकड्याचं श्रेय गोखरूच्या काढ्याला दिलं आणि तुम्हालाही पाव किलो गोखरू पाठवलं होतं.

स्वप्नाच्या बाटलीचं गणित सांगतो, ते तुम्हाला लागणार आहे. शरीर रोज क्रिएटिनिन नावाचा एक कचरा टाकतं. माणसागणिक थोडं कमी-जास्त, पण त्या त्या माणसाचं रोज जवळजवळ तेवढंच. धडधाकट बांध्याच्या पुरुषाचं एक ग्रॅमच्या थोडं वर. पाणी जास्त प्यालात तर लघवी पातळ होते, पण प्रथिन आणि क्रिएटिनिन दोन्ही सारखीच पातळ होतात. म्हणून एकाच बाटलीत दोन्ही मोजून भागलं की दिवसाचा अंदाज निघतो. कॅनमध्ये काय राहिलं, काय सांडलं, याला अर्थ उरत नाही. माझ्या कॅनचा आकडा दोन होता. बाटली म्हणाली, जवळजवळ तीन.

मी म्हटलं, तुझी बाटली खोटी. तिने वाद घातला नाही. मला एक कॅन भरून आणायला सांगितला आणि त्यातलंही क्रिएटिनिन मोजलं. एक हजार मिलिग्रॅमच्या वर हवं होतं. सातशे वीस निघालं. कागद माझ्यापुढे सरकवून ती म्हणाली, ‘सर, या कॅनमध्ये आख्खा दिवस नाही.’

मग विचारलं, ‘तुम्ही गोळा कसं करता?’ मी माझा विधी पाठ म्हणून दाखवला. अभिमानाने, आण्णा. ती ऐकत राहिली. म्हणाली, ‘दुसऱ्या सकाळची पहिली?’ म्हटलं, टाकतो. तिने पेन खाली ठेवलं. मग हळूच, ‘हा कागद आणखी कुणी वापरतं का सर?’

मी नाही म्हणालो.

गेल्या पत्रात ‘परवा’ लिहिलं तेही खोटं. हे सगळं मला एकोणीस सप्टेंबरलाच कळलं होतं. आज तीन आठवडे झाले. मध्ये दोनदा मी एस.टी.डी. बूथवरून गोदामाला फोन लावला. दुसऱ्यांदा तुम्हीच उचललात. ‘हॅलो? कोण? आवं बोला की, का घशात हळद अडकली?’ मी फोन ठेवला. बूथवाल्याने विचारलं, लागला नाही का? म्हटलं, नाही.

आता करायचं ते ऐका.

एक, रविवारचा कॅन माझ्या कागदाप्रमाणे भरू नका. भरलात तरी त्याच्या आकड्यावर विसंबू नका.
दुसरं, सोमवारी डॉक्टरांना सांगा, छोट्या बाटलीत प्रथिन आणि क्रिएटिनिन दोन्ही मोजा. रक्ताचंही पाहा.
आणि तोवर गोळी थांबवू नका. गुडघा दुखला तरी दुकानातून कसलीही दुखणं मारायची गोळी आणू नका, ती मूत्रपिंडाला बाधते; बाळाबाईंची उसनीही घेऊ नका.

हे पत्र पोस्टाने पाठवत नाही. आमच्या शाळेतला शिपाई ज्ञानू पुढच्या वर्षी निवृत्त होतोय, त्याची बहीण सांगलीत असते. तो उद्या दुपारच्या गाडीने निघेल आणि हे तुमच्याच हातात देईल. डॉक्टरांना दाखवा. मी स्वतः का येत नाही? उत्तरपत्रिका आहेत.

तुमचा
गोपाळकृष्ण


सातारा,
सोमवार, ४ नोव्हेंबर १९९६

आण्णा,

शनिवारी शाळेत बाळाबाईंचा फोन आला. हेडमास्तरांच्या खोलीत, सगळ्यांसमोर. त्यांनी मला बोलायला जागाच ठेवली नाही, ते बरंच झालं.

‘आवं मास्तर, वळखलं का? मी बाळाबाई. तुमचा दोस्त दवाखान्यातनं कालच घरी आलाय, पंधरा दिस आत हुता. तोंड आसं सुजलं हुतं, डोळं दिसनात. तुमी इचारलं बी न्हाई.’

मी म्हणालो, मला कुणी कळवलं नाही.

‘कसं कळवणार? ह्येंनीच नको म्हटलं. म्हनत्यात मास्तरांच्या जिवाला लागंल. आन् माझ्या जिवाला?’

मग त्यांनी सांगितलं ते सगळं मला नवं होतं. तुम्हाला रजा शुक्रवारपासूनच मिळाली म्हणून तुम्ही कॅन रविवारऐवजी शेवटच्या पाळीच्या दिवशी, त्याच गुरुवारी लावलात, ज्या गुरुवारी मी तुम्हाला पत्र लिहीत बसलो होतो. शुक्रवारी सकाळी नेऊन दिलात. संध्याकाळी आकडा आला, एक पूर्णांक नऊ. डॉक्टरांनी पाठ थोपटली आणि शेवटची गोळीही बंद केली. तुम्ही पेढे घेऊन घरी आलात तर दारात ज्ञानू बसलेला.

पहिल्या पत्रात मी बूट विचारला, अंगठा विचारला, भिंत विचारली. ‘कागद चुकला आहे’ हे एक वाक्य तेव्हाच लिहिलं असतं तर तुम्हाला मंगळवारी मिळालं असतं. गुरुवारचा कॅन लागलाच नसता.

दुसऱ्या दिवशी, त्या शनिवारी, तुम्ही पुन्हा डॉक्टरांकडे गेलात, बाटलीची मागणी केलीत. भागाकार चार पूर्णांक एक. रक्तातलं क्रिएटिनिन उन्हाळ्यात एक पूर्णांक सहा होतं ते दोन पूर्णांक चार, म्हणजे कचरा आतच साठतोय. डॉक्टर म्हणाले, ‘हवालदार, तुम्ही नीट गोळाच करत नाही. सूचना भिंतीवर लावली आहे, वाचता येत नाही का?’ आणि केसपेपरवर इंग्रजीत लिहिलं. बाळाबाईंनी ते शेजारच्या कॉलेजातल्या मुलीकडून वाचून घेतलं : रुग्ण सूचना पाळत नाही.

‘मास्तर, सतरा वर्सं मिलिटरीत काढली ह्येंनी,’ त्या म्हणाल्या. ‘एक लाल रेघ न्हाई कागदावर. आन् आता ह्ये. मी म्हनलं, खिशात चिठ्ठी हाय न्हवं मास्तरांची, काढा की भाईर, दावा डॉक्टरला. तर म्हनले, ऱ्हाऊ दे. भिंतीवर त्यांचं नाव हाय, चार मान्सांत कशाला.’

त्यांनी फोन ठेवल्यावर हेडमास्तर म्हणाले, कुणी आजारी का? मी हो म्हणालो आणि नववीच्या वर्गावर गेलो. काय शिकवलं ते आठवत नाही.

तुम्ही माझं नाव झाकलंत, म्हणून आता उरलेलंही उघड करतो. दुसऱ्या पत्रात ‘नजरचूक’ लिहिलं आहे. ती नजरचूक नव्हती.

डॉक्टरांचा इंग्रजी कागद माझ्याकडे आहे. आज ट्रंकेतून काढला. त्यात स्वच्छ लिहिलं आहे की दुसऱ्या सकाळची पहिली लघवी कॅनमध्ये घ्यावी. मी ते वाचलं होतं. वाचून त्याखाली पेन्सिलीने रेघ मारली आहे आणि बाजूला माझ्या अक्षरात लिहिलं आहे, ‘असंगत’. मला वाटलं, दिवस सूर्योदयाला संपतो, मग उद्याची लघवी आजच्या कॅनमध्ये कशी? इंग्रजी कागद लिहिणाऱ्याला दिवसाची व्याख्या कळलेली नाही असं मी ठरवलं आणि मराठीत ती सुधारली. डॉक्टरांना विचारायला दोन मिनिटं लागली असती. विचारलं नाही, कारण मला शंकाच नव्हती. तीस वर्षं मुलांच्या वह्या तपासून माणसाला एक खोड लागते. समोर आलेल्या कागदात चूक असणार असं धरूनच तो वाचतो.

तुमच्या बाबतीत उलट होतं. समोर आलेला कागद बरोबर असणार असं धरून तुम्ही तो पाळलात.

तो छापून एकशे चाळीस प्रती वाटल्या गेल्या आहेत. दिवाळीची सुट्टी मी घरी काढणार नाही. स्वप्नाला काल सगळं सांगितलं. ‘आणखी कुणी वापरत नाही’ हे खोटं होतं, तेही. ती रागावली नाही. तिने नवा कागद स्वतः लिहिला आणि तपासायला माझ्याकडे दिला. मी तपासला नाही. तसाच परत केला.

उद्या सकाळच्या गाडीने सांगलीला निघतो. आधी तपासणी केंद्र, तिथला माझा कागद काढायचा आणि त्यांच्या वहीतून नावं घेऊन एकेकाला गाठायचं. मग डॉक्टर. मग तुमचं घर. बाळाबाई दारातून परत पाठवतील तर परत जाईन आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा येईन. हे पत्र मी स्वतःच तुमच्या हातात देणार आहे. मग लिहायचं कशाला, असं तुम्ही म्हणाल. समोर आलो की मी थट्टा करतो, आण्णा. तुम्ही हसता आणि राहून जातं.

डॉक्टर म्हणतात गोळ्या पूर्ण मात्रेत पुन्हा सुरू केल्या आहेत, गेलेलं किती परत येईल ते तीन महिन्यांनी कळेल. बरे व्हाल असं मी लिहीत नाही. मला ते माहीत नाही, आणि माहीत नसलेलं लिहून दिल्यामुळेच हे झालं आहे. नागपूर हुकलं, तेही माझ्यामुळे.

खालचा मजकूर तुमच्यासाठी नाही, केसपेपरला जोडायचा आहे. तुम्ही तो खिशात ठेवाल हे ठाऊक असल्याने दुसरी प्रत मी डॉक्टरांच्या हातात देणार आहे.

तुमचा
गोपाळकृष्ण

*

डॉक्टरसाहेबांस,

आण्णा राणबा खरात, निवृत्त हवालदार, राहणार सांगली, यांच्या केसपेपरवर ‘रुग्ण सूचना पाळत नाही’ अशी नोंद आहे. ती खोडावी आणि हे सोबत जोडावं.

या रुग्णाने दोन वर्षं प्रत्येक सूचना शब्दशः पाळली आहे. ज्या सकाळची लघवी टाकायला सांगितली ती टाकली, जी ठेवायला सांगितली ती ठेवली. अकरा-अकरा तास त्रास सोसला, पण कागद मोडला नाही. सूचनाच चुकीची होती. आपल्या इंग्रजी कागदात ती बरोबर होती. मराठीत आणताना मी ती वाचून, समजून, जाणूनबुजून बदलली आणि आपल्याला सांगितलं नाही. चूक लक्षात आल्यावरही एकवीस दिवस गप्प बसलो.

हे मी पूर्ण शुद्धीवर, कुणी न सांगता लिहून देत आहे. रुग्णाचा यात काडीचाही दोष नाही.

गोपाळकृष्ण दत्तात्रय घळसासी
संस्कृत शिक्षक, सातारा